पहाटे तीनचा ठोका कुणाचा?

प्रश्न : आम्ही आठ मजली इमारतीत दुसऱ्या मजल्यावर राहतो. घरात मी, नवरा, कॉलेजला जाणारी मुलगी आणि ७९ वर्षांच्या सासूबाई. साधारण वर्षभरापासून सासूबाईंच्या खोलीच्या भिंतीतून रात्री ठोके ऐकू येतात. भिंतीपलीकडे बाथरूमचा डक्ट आहे. रात्री अकराच्या सुमारास थोड्या थोड्या वेळानं चार-पाच दणके बसतात, आणि कित्येकदा पहाटे तीनलाही. सकाळी गिझर लावला की बराच वेळ टिकटिक चालते, शिवाय अधूनमधून भोंग्यासारखा लांबलचक आवाज येतो. वरच्या मजल्यावर गेल्या वर्षीच एक जोडपं राहायला आलं. त्यांचं बाळ लहान आहे, ते रात्री वॉशिंग मशीन लावतात. मी दोनदा सांगून पाहिलं. दुसऱ्या वेळी दोघींचेही आवाज चढले आणि तेव्हापासून बोलणं बंद आहे. ते बाहेरगावी गेले होते तेव्हाही ठोके आल्याचं सासूबाई म्हणतात, पण त्यांचं आताशा विसरायला होतं, म्हणून मी ते धरलं नाही. प्लंबर म्हणतो, भिंत फोडून सगळी लाइन बदला. नवरा म्हणतो, 'पाइप आहेत, वाजणारच, तू फार मनावर घेतेस.' त्याच सुमारास इमारतीत गच्चीवर प्रेशर पंप बसवला, त्यामुळे पाणी मात्र छान येतं. आता मी इमारतीच्या समितीकडे वरच्यांविरुद्ध लेखी तक्रार करू, भिंत फोडू, की घरच बदलू?

उत्तर : ताई, तुमच्या पत्रातल्या सगळ्यात कामाच्या दोन गोष्टी तुम्ही जाता जाता लिहून टाकल्या आहेत. वरची मंडळी घरात नसतानाही ठोके आल्याचं सासूबाई सांगतात, ही एक. त्याच सुमारास गच्चीवर पंप बसला, ही दुसरी. म्हणजे गेल्या वर्षी तुमच्या इमारतीत शेजारही बदलला आणि पाण्याचा दाबही. शेजारी रोज जिन्यात भेटतात, पंप कुणाच्या नजरेला पडत नाही, म्हणून संशय माणसांवर गेला. तो पूर्ण खोटा ठरेल असं मी म्हणत नाही. अकराच्या ठोक्यांत त्यांच्या मशीनचा वाटा असेलही. पण तान्ह्या बाळाचे आईबाप पहाटे तीनला, आणि तेही कित्येकदा, कपडे धुवायला काढत असतील हे मला पटत नाही.

आधी घरातलं बोलू. तुमचे यजमान म्हणतात तू मनावर घेतेस, आणि तुम्हाला त्याचा राग येतो. तो येणं साहजिक आहे. पण सासूबाईंनी एक नेमकी गोष्ट सांगितली तेव्हा तुम्हीही तेच केलंत. त्यांना कालचं जेवण आठवत नसेल, पण रात्री जागं असलेलं माणूस काय ऐकतं ते खरंच ऐकतं. त्या खोलीत रात्रभर झोपणाऱ्या त्याच एकट्या आहेत. या प्रकरणातल्या सगळ्यात जवळच्या साक्षीदार त्या आहेत, म्हणून आजपासून त्यांचं म्हणणं तारीख-वेळेसकट लिहून ठेवायला लागा.

यजमानांना सांगण्यासारखंही आहे. जागतिक आरोग्य संघटनेनं १९९९च्या मार्गदर्शक सूचनांमध्ये झोपायच्या खोलीतला सलग आवाज ३० डेसिबलच्या आत आणि मधूनच होणारा एखादा आवाज ४५ डेसिबलच्या आत असावा, असं म्हटलं आहे. भिंतीतला ठोका ही मर्यादा ओलांडू शकतो. रात्री बाहेरचा गलका थांबलेला असतो, त्यामुळे दिवसा कानाआड होणारा आवाज तेव्हा ठळक होतो. वय वाढतं तशी झोप सावध होत जाते, हेही आहेच. तेव्हा दिवसभर घराबाहेर असणाऱ्याला जे जाणवत नाही ते त्या खोलीत झोपणाऱ्याला असह्य होऊ शकतं, आणि यात कुणी नाजूक असण्याचा प्रश्न नाही. दुसरं म्हणजे हा आवाज निव्वळ त्रास म्हणून सोडून द्यायचाही नसतो. पाइपला बसणारा प्रत्येक धक्का सांध्यांना, वॉशरला आणि मशीनच्या लवचीक कनेक्शन पाइपला बसत असतो. वर्षानुवर्षं असंच चाललं तर एखादा सांधा भिंतीच्या आत पाझरायला लागतो.

उपाय सापडेपर्यंत एक काम आजच करा. सासूबाईंचा पलंग त्या भिंतीपासून सरकवा, शक्य असेल तर समोरच्या भिंतीकडे न्या. पलंगाची फळी भिंतीला टेकलेली असेल तर पाइपचा हादरा भिंतीतून फळीत आणि फळीतून थेट डोक्याशी पोचतो. चार बोटं फट ठेवली तरी फरक पडतो.

आता ठोक्याकडे येऊ. पाइपमधून पाणी वेगानं धावत असतं आणि पुढचा व्हॉल्व्ह एका क्षणात बंद होतो. पुढचं पाणी थांबतं, पण मागून येणारं त्याच्यावर आदळतं. गर्दीनं भरलेली बस करकचून ब्रेक मारते तेव्हा मागचे लोक पुढच्यांवर कोसळतात, तसंच. त्या आदळण्यातून दाबाची एक लाट तयार होते आणि ती पाइपमधून उलटी धावत सुटते. निकोलाय झुकोव्हस्की या रशियन शास्त्रज्ञानं मॉस्कोच्या पाणीपुरवठ्याच्या नळांवर प्रयोग करून १८९८मध्ये याचं गणित मांडलं. त्यानुसार लोखंडी किंवा तांब्याच्या पाइपात सेकंदाला एक मीटर वेगानं जाणारं पाणी एकदम अडवलं, तर दाब क्षणभर साधारण १३ बारनं (बार म्हणजे दाब मोजायचं एकक) वाढतो. घरातला नेहमीचा दाब दोन ते चार बार असतो, त्यावरून हा दणका केवढा ते लक्षात येईल. प्लॅस्टिकच्या पाइपात ही लाट सावकाश चालते, त्यामुळे तिथे वाढ चार-पाच बारच्या आसपास राहते. प्लंबर लोक याला 'हॅमरिंग होतंय' म्हणतात. या धक्क्यात खूप ताकद असते. जॉन व्हाइटहर्स्टनं १७७२मध्ये आणि माँगोल्फिएनं १७९६मध्ये याच धक्क्याचा उपयोग करून कुठल्याही इंजिनाशिवाय पाणी उंचावर चढवणारं यंत्र बनवलं. ती ताकद तुमच्या डक्टमधल्या सैल पाइपला भिंतीवर आपटवते, आणि तो आवाज सासूबाईंच्या उशाशी येतो.

यातून तुमच्या पत्रातलं एक गृहीतक मोडतं. आवाज जिथे ऐकू येतो तिथेच तो जन्मतो असं नाही. लाट धातूच्या पाइपमधून सेकंदाला हजार-तेराशे मीटर धावते. व्हॉल्व्ह बंद होतो एका घरात, आणि ठोका वाजतो तो जिथला पाइप भिंतीशी धरून ठेवणारा क्लॅम्प सुटलाय तिथे. एकाच डक्टमधल्या लाइनवर असलेल्या कुठल्याही घरातलं मशीन, कुठलाही पाव चक्रात बंद होणारा नळ, तुमच्या स्वतःच्या घरातलं मशीनसुद्धा, यामागे असू शकतं. तुमचं मशीन बंद असताना ठोके येतात का, हे तुम्ही पत्रात लिहिलेलं नाही. ते आधी पाहा.

अकराचे ठोके मशीनचे वाटतात, कारण त्यांचा ढंग तसा आहे. वॉशिंग मशीन एकदाच पाणी घेत नाही. धुताना, मग प्रत्येक खळबळीला ते पुन्हा पाणी घेतं, आणि दर वेळी आतला विजेवर चालणारा व्हॉल्व्ह खटकन बंद होतो. थोड्या थोड्या वेळानं चार-पाच ठोके आणि मग शांतता, हे त्याच्याशी जुळतं. जुना फिरवायचा नळ माणूस हळूहळू आवळतो. हा व्हॉल्व्ह डोळ्याचं पातं लवायच्या आत मिटतो.

पहाटेचा ठोका मात्र मला पंपाचा वाटतो. इमारतीचा प्रेशर पंप लाइनमधला दाब ठरावीक पातळीच्या खाली गेला की सुरू होतो, वर गेला की थांबतो. तो थांबतो तेव्हा पाणी क्षणभर उलटं वळतं आणि पंपापुढचा नॉन रिटर्न व्हॉल्व्ह, म्हणजे पाण्याला एकाच दिशेनं जाऊ देणारा व्हॉल्व्ह, आपटून बंद होतो. मग तुम्ही विचाराल, पहाटे तीनला पाणी वापरतं कोण? बहुतेक वेळा कुणीच नाही. कुणाच्या तरी घरातला फ्लश झिरपत असतो. बारीकशी धार, आवाजही न करणारी. तिच्यामुळे दाब हळूहळू उतरतो, पंप दोन मिनिटांसाठी जागा होतो, थांबतो, ठोका बसतो. तास-पाऊण तासानं पुन्हा तेच. पंपाला जोडलेल्या प्रेशर टाकीतली हवा कमी झाली असेल तर हे आणखी वारंवार होतं, कारण दाब सांभाळून धरायला उशीच उरलेली नसते.

मशीनच्या आणि पंपाच्या अशा दोन्ही ठोक्यांवर पंपाचा आणखी एक परिणाम आहे. मजल्याची उंची तीन मीटर धरली तर गच्चीवरची टाकी तुमच्या नळापासून वीसेक मीटर वर आहे. दहा मीटर उंचीला साधारण एक बार, म्हणजे पंप नव्हता तेव्हाही तुम्हाला दोन बारच्या आसपास दाब मिळत होता. तो पुरेसा होता. पाण्याची बोंब आठव्या-सातव्या मजल्यावर असणार, कारण त्यांच्या डोक्यावर टाकी जेमतेम काही मीटर. आता पंपानं तीन बारची भर घातली असं समजा, तर वरच्यांना तीन-साडेतीन आणि तुम्हाला पाच. पाच बारला त्याच नळातून पाणी दोन बारच्या तुलनेत दीडपटीहून जास्त वेगानं निघतं, आणि वेगाच्याच प्रमाणात ठोका वाढतो. वरच्या मजल्यावरच्या बाईंनी तेच मशीन पंपाच्या आधी लावलं असतं तर कदाचित तुम्हाला कळलंही नसतं.

अर्थात पंप कुठे जोडलाय, सगळ्या लाइनवर की फक्त वरच्या मजल्यांच्या, हे मला माहीत नाही. समितीला हाच पहिला प्रश्न विचारा. आणि तुमच्या बाथरूमच्या नळाला प्रेशर गेज लावून दाब मोजायला प्लंबरला सांगा. पाच मिनिटांचं काम आहे, आणि भिंत फोडायचा सल्ला देणाऱ्यानं ते आधी करायला हवं होतं. अमेरिकेतल्या प्लंबिंगच्या नियमावलींत दाब ८० पीएसआय म्हणजे साधारण साडेपाच बारच्या वर गेला तर दाब कमी करणारा व्हॉल्व्ह लावणं सक्तीचं आहे. ती वरची हद्द झाली. घर शांत हवं असेल तर तीन-साडेतीन बारच्या पुढे जायचं कारणच नाही.

कारण नक्की कसं ठरवायचं? आठवडाभर एक वही ठेवा. ठोका कधी, किती, दोन ठोक्यांत किती अंतर, आणि त्या वेळी घरात कुठला नळ चालू होता का. सासूबाईंच्या उशाशी मोठ्या आकड्यांचं घड्याळ ठेवा. ठोके तासाभरात दाटीनं येऊन थांबत असतील तर मशीन. रात्रभर जवळपास सारख्या अंतरानं येत असतील तर पंप. एखाद्या रात्री समितीच्या संमतीनं पंप दोन तास बंद ठेवता आला तर निकाल त्याच रात्री लागेल. कॉलेजातल्या मुलीला यात घ्या. फोनवर रात्रीचं ध्वनिमुद्रण करून दुसऱ्या दिवशी ठोक्यांच्या वेळा काढणं तिला सहज जमेल, आणि मग 'आजीला भास होतात' हा विषयच राहणार नाही.

जागा शोधायची एक जुनी युक्ती प्लंबर वापरतात. लांब स्क्रू ड्रायव्हरचं टोक पाइपला टेकवायचं आणि मूठ कानाला लावायची. कुठल्या पाइपात आवाज दणकट आहे ते लगेच कळतं. डक्टचं दार उघडून दिवसा दिव्याच्या उजेडात नुसतं पाहिलंत तरी पुष्कळ काही दिसेल. पाइपवर घासल्याच्या खुणा, भिंतीवर चाटून गेलेला रंग, क्लॅम्पमधून निघालेला स्क्रू.

मशीनचा आवाज ठरला तर त्यावरचे उपाय लहान आहेत. मशीनचा अँगल कॉक, म्हणजे मशीनला पाणी देणारी भिंतीवरची छोटी चावी, अर्धा आवळायचा. मशीन भरायला थोडा जास्त वेळ घेईल, पण पाण्याचा वेग उतरतो आणि ठोका मऊ होतो. अँगल कॉक आणि मशीनचा पाइप यांच्यामध्ये वॉटर हॅमर अरेस्टर नावाची छोटी नळकांडी बसवता येते. तिच्यात दट्ट्यामागे कोंडलेली हवा असते. दणका आला की दट्ट्या मागे सरकतो आणि धक्का तिथेच जिरतो. ही वस्तू खटक्यात बंद होणाऱ्या व्हॉल्व्हच्या अगदी जवळ हवी. तुमच्या भिंतीपाशी लावून काही उपयोग नाही, हे लक्षात ठेवा, कारण पुष्कळ जण तिथेच चुकतात. जुन्या घरांत याच कामासाठी नळाच्या वर बंद टोकाचा उभा पाइप ठेवलेला असायचा. त्यातली हवा हळूहळू पाण्यात विरघळते आणि पाइप पाण्यानं भरून निकामी होतो. तुमच्याकडे तसा असेल तर मुख्य चावी बंद करून सगळी लाइन वरच्या आणि सगळ्यात खालच्या नळातून रिकामी करायची आणि मग चावी अगदी सावकाश उघडायची. हवा पुन्हा भरते. काही महिन्यांनी तेच पुन्हा करावं लागतं.

आणि डक्टमधले क्लॅम्प. आत रबर असलेले क्लॅम्प घेऊन सुटलेला पाइप नीट बांधून घेतला की निम्मा आवाज तिथेच मरतो. दणका येईल, पण पाइप आपटणार नाही. मात्र नुसते क्लॅम्प आवळून समाधान मानू नका. आवाज गेला आणि धक्का राहिला, तर सांध्यांवरचा ताण तसाच चालू राहतो.

एक सल्ला तुम्हाला हमखास मिळेल : घराची मुख्य चावी अर्धी बंद करा. मला तो फारसा आवडत नाही. त्यानं वाहतं पाणी कमी होतं, पण सगळे नळ बंद असताना लाइनमधला दाब जसाच्या तसा राहतो. शिवाय अर्धवट उघडा व्हॉल्व्ह स्वतःच शिट्टी मारायला लागतो आणि आतून झिजतो. दोन दिवस चाचणी म्हणून करून पाहायला हरकत नाही. कायमचा उपाय दाब उतरवणारा व्हॉल्व्ह हाच.

पंपाचा आवाज ठरला तर काम समितीचं. नॉन रिटर्न व्हॉल्व्ह आपटून मिटणारा असेल तर त्याजागी स्प्रिंगचा, हळुवार मिटणारा घालायचा. प्रेशर टाकीतली हवा तपासायची, तीही टाकीतलं पाणी काढून टाकल्यावर, नाहीतर आकडा खोटा येतो. हवेचा दाब पंप ज्या दाबाला सुरू होतो त्याच्या किंचित खाली हवा. पंप आणि लाइन यांच्यामध्ये रबरी जोड हवा. आणि खालच्या मजल्यांच्या लाइनवर दाब कमी करणारा व्हॉल्व्ह. यातलं शेवटचं केलं तर तुमच्यासारख्या खालच्या सगळ्या घरांचे नळ, गिझर आणि मशीनं जास्त टिकतील, तेव्हा ही मागणी तुम्ही एकट्यानं करायची गरज नाही. पहिल्या, दुसऱ्या, तिसऱ्या मजल्यावरच्यांना विचारा. ठोके त्यांनाही येत असतील, आणि तेही कुणाच्या तरी नावानं बोटं मोडत असतील.

फ्लश झिरपतोय का हे प्रत्येक घरानं पाहायला हवं. फ्लशच्या टाकीत गडद रंगाचे काही थेंब टाकायचे, वीस मिनिटं फ्लश करायचा नाही. भांड्यात रंग उतरला तर टाकीतला रबर गेला.

तुमच्या पत्रातले उरलेले दोन आवाज वेगळे आहेत. तुम्ही सगळे एकाच यादीत लिहिलेत, प्लंबरनंही एकाच उपायात गुंडाळले. सकाळची टिकटिक गरम पाण्याची आहे. गिझरचं पाणी पाइपात शिरलं की पाइप लांबतो. दहा मीटरचा पाइप ४० अंशांनी तापला तर लोखंडी पाइप पाच मिलिमीटरच्या आसपास, तांब्याचा सातेक आणि सीपीव्हीसी या प्लॅस्टिकचा तब्बल अडीच सेंटीमीटर वाढतो. त्याला सरकायला मोकळी वाट हवी. भिंतीतल्या भोकात सिमेंटनं गच्च आवळला असेल किंवा क्लॅम्पनं करकचून धरला असेल, तर तो अडतो, ताण साठतो, आणि मग टिक करून जरासा सुटतो. पुन्हा अडतो. निवतानाही तेच उलट. म्हणून थंड पाण्याचा पाइप घट्ट धरायचा आणि गरम पाण्याचा सरकेल असा, हा फरक प्लंबरला सांगून ठेवा. हॅमरिंगवर उपाय म्हणून त्यानं सगळेच पाइप आवळले तर ठोका जाईल आणि टिकटिक दुप्पट होईल. पाइप जिथून भिंत ओलांडतो तिथे फोमचं आवरण घातलं तर पुष्कळदा भागतं. ही टिकटिक धोक्याची नाही. ती कमी व्हावी म्हणून साठवणीच्या गिझरचं तापमान ६० अंशांच्या खाली उतरवू नका, त्याहून कोमट साठलेल्या पाण्यात लीजिओनेला जातीचे जंतू वाढू शकतात.

भोंग्यासारखा आवाज बहुधा टाकीच्या बॉलकॉकचा किंवा एखाद्या सैल वॉशरचा. टाकी भरत आली की पाण्यावर लाटा उठतात, गोळा खालीवर हेलकावतो, व्हॉल्व्ह भराभर उघडमीट करतो आणि सगळी लाइन घुमते. आवाज चालू असताना फ्लशच्या टाकीचं झाकण काढून गोळा हातानं किंचित वर धरा. घुमणं थांबलं तर तोच गुन्हेगार, बदलून टाका. नाही थांबलं तर घरातले नळ एकेक करून थोडेसे उघडून पाहा, वॉशर झिजलेला नळ सापडेल.

इतर वाचकांसाठी इथेच सांगते, काही आवाज वही घेऊन बसायचे नसतात. सगळे नळ बंद असताना भिंतीत सूं सूं ऐकू येत असेल आणि पाण्याचा मीटर फिरत असेल तर गळती आहे, त्याच दिवशी माणूस बोलवा. गिझरमधून उकळल्यासारखी गडगड येत असेल तर आत क्षार साचले आहेत, साफ करून घ्या. त्याच्या सेफ्टी व्हॉल्व्हमधून वाफ किंवा उकळतं पाणी येत असेल तर लगेच वीज बंद करा आणि तो तपासून होईपर्यंत लावू नका. बेसिन किंवा जाळीतून गुडगुड आणि सोबत वास, तर बिघाड सांडपाण्याच्या पाइपात आहे, पाण्याच्या दाबाशी त्याचा संबंध नाही. आणि पंपातून खडी फिरल्यासारखा आवाज म्हणजे त्याला पुरेसं पाणी मिळत नाहीये.

भिंत फोडण्याचं काय? आत्ता नाही. तुमच्या प्लंबरच्या सल्ल्यात अडचण अशी, की कारण भिंतीच्या बाहेर असेल तर नवी लाइनही वाजेल. जुन्या जीआय, म्हणजे जस्त चढवलेल्या लोखंडी पाइपांना आतून गंज चढला असेल, नळातून तांबूस पाणी येत असेल, भिंतीवर ओल दिसत असेल, तर लाइन बदलणं शहाणपणाचं, आणि तेव्हाही आधी दाब उतरवून मग. दाब मोजला, मशीनला अरेस्टर लागला, डक्टमधले क्लॅम्प बसले, पंप दुरुस्त झाला, आणि तरीही भिंतीच्या आतून नेमक्या एकाच ठिकाणी ठोका येतोय, तर तिथला प्लॅस्टर तेवढाच उघडून पाइप बांधून घ्या. सगळी लाइन उपटायची त्यासाठी गरज नसते. भाड्याच्या घरात राहणाऱ्यांनी हे स्वतःच्या खर्चानं करू नये. मालकाला दाबाचा मोजलेला आकडा आणि ठोक्यांच्या नोंदी लेखी द्याव्यात. नुसतं 'आवाज येतो' म्हटलं की कुणी हलत नाही.

राहिलं वरचं जोडपं. मला वाटतं, तुमच्या मनाला खरा सल या भांडणाचाच आहे. तुम्ही लेखी तक्रारीच्या उंबरठ्यावर उभ्या आहात, आणि ती तक्रार बहुधा अर्धीच खरी निघेल. एकदा कागदावर नाव गेलं की ते मागे घेता येत नाही, पंप दोषी ठरला तरीही. म्हणून आधी वर जा. दिवसा जा, आवाज झाल्या झाल्या जाऊ नका, आणि यजमानांना बरोबर घ्या. साधं बोला : 'मागच्या वेळी मी तुमच्यावरच दोष ठेवला, ते बरोबर नव्हतं. आवाज कुठून येतो ते शोधतेय. तुमच्याकडेही ठोके ऐकू येतात का? मला अर्धा तास मदत कराल का?' तो प्रश्न मनापासून विचारा. बाळ झोपल्यावर भिंत वाजली तर त्यांचीही झोपमोड होत असेलच.

मग दोघींनी मिळून चाचणी करा. त्यांनी मशीन पाणी भरायला लावायचं आणि मध्येच थांबवायचं. थांबवलं की व्हॉल्व्ह बंद होतो. तुम्ही खाली भिंतीला हात लावून, फोन चालू ठेवून उभ्या राहा. ठोका आला तर त्यांनी अँगल कॉक अर्धा आवळून पुन्हा तेच करायचं. फरक दोघींनाही त्याच क्षणी कळेल, वाद घालायला काही उरणारच नाही. मग तुमच्या घरच्या मशीननं हीच चाचणी करा, आणि तीही त्यांच्यासमोर. अरेस्टर लावायचा ठरला तर खर्च निम्मा-निम्मा करू असं तुम्हीच म्हणा. कायद्यानं तो कुणाचा, हा हिशेब मांडत बसण्यापेक्षा रात्रीची झोप महत्त्वाची. मशीन रात्री लावूच नका, असा आग्रह मात्र धरू नका. तान्ह्या बाळाच्या घरात कपडे कधी धुवायचे हे बाळ ठरवतं. दहाच्या आत लावता आलं तर बरं, एवढी विनंती पुरे.

त्यांनी दार लावून घेतलं तर? तर तुम्ही प्रयत्न केलात, आणि पुढचं काम त्यांच्याशिवायही होण्यासारखं आहे. समितीला पत्र लिहा, पण कुणाच्याही नावाशिवाय. विषय : पंप बसवल्यापासून खालच्या मजल्यांवर पाण्याचा वाढलेला दाब आणि रात्रीचे ठोके. दाबाचा आकडा द्या, वहीतल्या वेळा जोडा, आणि चार मागण्या करा : पंपाची जोडणी कुठल्या मजल्यांना आहे ते कळवा, नॉन रिटर्न व्हॉल्व्ह आणि प्रेशर टाकी तपासा, खालच्या लाइनवर दाब कमी करणारा व्हॉल्व्ह लावा, डक्टमधले पाइप बांधून घ्या. अशा पत्रावर काम होतं, कारण त्यात कुणाची बाजू घ्यायची नसते, दुरुस्ती करायची असते.

घर बदलण्याचा विचार एवढ्यात करू नका. ७९ वर्षांच्या माणसाला ओळखीची खोली, ओळखीची खिडकी सोडायला लावणं हे ठोक्यांपेक्षा मोठं संकट ठरू शकतं. आणि नव्या घरात पंप नसेल, दाब जास्त नसेल, क्लॅम्प घट्ट असतील याची खात्री कोण देणार? पुढेमागे बदलायचंच झालं, तर घर पाहायला गेल्यावर स्वयंपाकघरातला नळ पूर्ण सोडून झटक्यात बंद करून पाहा, फ्लश ओढून टाकी भरेपर्यंत तिथेच थांबा, आणि दुसऱ्यांदा जाल ते रात्री दहानंतर जा.